जनजागृतीवर खडू फेकणारे सर

सरांबद्दल कोणी चांगलं बोललं की माझं डोकं फिरतं. वाईट बोललं तरी फिरतं. आज कोल्हापुरात त्यांचे विद्यार्थी गल्लोगल्ली सापडतील. कोणी बँकेत, कोणी पोलिसात, कोणी दूध संघात, दोघे-तिघे तर चक्क पुढारी झालेत. भेटले की कॉलेजच्या आठवणी निघतात आणि शेवटी सगळे एकाच शब्दावर येऊन थांबतात: "सर म्हणजे अवलिया माणूस." झालं. एखाद्याला अवलिया म्हटलं की तो काय म्हणत होता ते ऐकायची जबाबदारी संपते. माझी संपलेली नाही. सर हयात आहेत, मंगळवार पेठेत थोरल्या बहिणीबरोबर राहतात, आणि तोवर मला त्यांच्याशी भांडायचं आहे.

ते आम्हाला समाजशास्त्र शिकवायचे. बुटकी मूर्ती, आवाज मात्र तालमीतल्या वस्तादाचा, आणि पायात बारा महिने पावसाळी प्लास्टिकचे बूट. मे महिन्यात त्या बुटांचा वास त्यांच्या आधी वर्गात यायचा. प्राचार्यांनी एकदा हटकलं तर म्हणाले, "रस्ते म्हापालिकेचे हायत, बूट माझे हायत." पुस्तकी मराठी त्यांना उत्तम येत होती, लेख लिहिताना तीच वापरायचे. शिकवताना मात्र अस्सल कोल्हापुरी. "तुमच्या घरात जे घडतंय ते पुस्तकी भाषेत घडतंय व्हय?" असं विचारायचे.

आमच्या अभ्यासक्रमात समकालीन सामाजिक समस्यांचा एक पेपर होता. धडा कुठलाही असो, हुंडा, बेकारी, व्यसन, साचा ठरलेला: कारणे, परिणाम, उपाय. सर कारणांवर आठवडेच्या आठवडे घालवायचे, परिणाम शिकवताना लालेलाल व्हायचे, आणि उपाय आले की पुस्तक मिटून खिडकीपाशी जाऊन उभे राहायचे. "उपाय गाईडात हायत. पाठ करा, लिवा, पास व्हा. मी शिकवणार न्हाय." कोणी ‘जनजागृती’ असं नुसतं म्हटलं की त्यांच्या हातातला खडू सुटायचा. नेम चांगला होता. "कोण जागं करणार? आणि झोपलंय कोण? हुंडा घेणारा झोपंत घेतो व्हय रं? समदी टक्क जागी हायत. जागेपणी करत्यात."

‘समस्या’ हा शब्दही त्यांना चालायचा नाही. "समस्या म्हणू नका. आधी सांगा, कुणाची सोय हाय? ज्याला तुम्ही समस्या म्हणता ती कुणाची तरी सोय असती. त्येचा पत्ता काढा." पोरांनी याची टिंगल लावली होती. कॅन्टीनचा चहा पाणचट निघाला की कोणीतरी सरांचा आवाज काढून ओरडायचं, "कुणाची सोय?" आणि सगळे हसायचे. मीही हसायची.

रस्त्यावर ते भेटले की पंचाईत असायची. चौकात पुढाऱ्याच्या वाढदिवसाचा फ्लेक्स लागलेला असला की सायकल मधोमध थांबवून ते तो मोठ्यानं वाचायचे. मागं रिक्षावाले बोंबलतायत, यांचं आपलं चालूच. एकदा मी आणि माझी मैत्रीण तावडीत सापडलो. "मोज फोटो. बायका किती?" मैत्रीण म्हणाली, "एकच हाय सर. अंबाबाई." सर म्हणाले, "तिला तिकीट द्यायला लागत न्हाय म्हणून हाय." मागच्या रिक्षावाल्यानं अशी काही शिवी दिली की आम्ही दोघी पळालो. सर तिथंच उभे राहून त्याला ती शिवी आईवरूनच का दिली ते विचारत होते.

खरा गाजला तो नळीचा स्वाध्याय. एका शनिवारी सर म्हणाले, "उद्या घरोघरी मटण असंल. मगज भरल्याली नळी कुणाच्या ताटात पडती ते बघून या. ज्यांच्यात मटण चालत न्हाय त्यांनी दुधावरची साय बघा. बोलायचं न्हाय, भांडायचं न्हाय. फकस्त बघायचं." सोमवारी वर्ग नुसता पेटला होता. नळ्या आजोबांच्या, बापाच्या, भावाच्या, आलेल्या जावयाच्या ताटात. एकाही मुलीच्या ताटात नळी नव्हती, आणि आयांचं तर बऱ्याच जणांनी बघितलंच नव्हतं, कारण आया नंतर जेवतात. सीमाभागातल्या एका लिंगायत व्यापाऱ्याच्या मुलीनं सायीचंही तेच सांगितलं. एका पोरीला गप्प बसवलं नाही, तिनं घरी जाब विचारला. दुसऱ्या दिवशी तिचे वडील प्राचार्यांच्या केबिनमध्ये. सर शांतपणे म्हणाले, "मी मटण वाटलं न्हाय. फकस्त बघा म्हटलं."

आमच्या गडमुडशिंगीच्या घरात नळी दादाची असायची. लहानपणापासून मी ती त्याच्याच ताटात पडताना पाहत होते, पण दिसली ती त्या रविवारी. दादा वाईट नाही. अर्धी चोखून झाल्यावर कधीकधी मला द्यायचा, आणि मला त्याचं कौतुक वाटायचं. त्या रविवारी त्यानं तशी नळी पुढं केली तेव्हा माझ्या अंगाचा जाळ झाला. मी ताटावरून उठले. आई म्हणाली, "काय झालं गं बया हिला?" मी काही बोलले नाही, कारण सरांनी बोलायचं नाही म्हणून बजावलं होतं. सरांचं हे ‘फकस्त बघायचं’च पुढं माझ्या मुळावर येणार होतं.

त्याच सुमारास आम्ही चार मुली सरांच्या घरी गेलो होतो. त्यांच्या आक्कांनी आग्रह करून जेवायला बसवलं. तांबडा रस्सा, पांढरा रस्सा, सगळं साग्रसंगीत. नळी सरांच्या ताटात पडली. मी बघितलं आणि न राहवून विचारलं, "आक्का, नळी नेहमी सरांनाच व्हय?" आक्का पदर तोंडाला लावून हसल्या. "त्येलाच की. ह्यो समद्या जगाचं बघतोय, घरातला गॅस संपल्याला दिसत न्हाय ह्याला." सरांनी मान वर केली, म्हणाले, "बरोबर हाय. तुमच्या स्वाध्यायात लिवा हे." आणि ती नळी त्यांनी सावकाश ठोकून, चोखून संपवली. आक्कांच्या ताटात नाही टाकली. बाकीच्या तिघी घरी जाताना सरांच्या प्रामाणिकपणाचं कौतुक करत होत्या. मला तो प्रामाणिकपणा नव्हे, माज वाटला, आणि आजही वाटतो.

पण हाच माणूस भर सभेत उभा राहायचा, हेही सांगितलं पाहिजे. कॉलेजनं ‘लेक वाचवा’ फेरी काढली होती. बिंदू चौकात फेरी संपली, पाहुण्यांचं भाषण झालं. पाहुणे कळकळीनं म्हणाले, "बंधूंनो, आज मुली वाचवल्या नाहीत तर उद्या आपल्या मुलांना बायका कुठून मिळणार?" टाळ्या पडल्या. सर पहिल्या रांगेतून उठले आणि माईकची गरज नसलेल्या आवाजात म्हणाले, "म्हंजे पोरगी जगवायची ती बायको म्हणून लागती म्हणून? आणि नसती लागत तर?" पाहुणे हसून वेळ मारून नेऊ पाहत होते. सर हसले नाहीत. संस्थेनं त्यांना नोटीस दिली. त्यांनी ती वर्गात आम्हाला वाचून दाखवली.

शेवटच्या वर्षाला असताना हा प्रश्न आमच्या घरात चालत आला. दादा तिशी उलटून गेला होता. एमआयडीसीत नोकरी, थोडी शेती, दोन म्हशी, स्वभावानं गरीब. तरी मुलगी मिळत नव्हती. आमच्या पट्ट्यात निम्म्या घरांत असा एकेक दादा बसलेला आहे. जो तो म्हणतो, मुलींच्या अपेक्षा वाढल्या. मुलीच कमी जन्माला येऊ दिल्या, हे कोणी म्हणत नाही. मग पेठ वडगावकडचा एक मध्यस्थ साटंलोटं घेऊन आला. त्यांचाही मुलगा राहिलेला, आमचाही. त्यांची मुलगी दादाला द्यायची, बदल्यात मी त्यांच्या मुलाला. तो माझ्यापेक्षा पंधरा-सोळा वर्षांनी मोठा होता. आबा, म्हणजे माझे वडील, म्हणाले, "दोन्ही घरं एका मांडवात सुखी हुतील." आई म्हणाली, "भावासाठी एवढं कर बाई." दादा मान खाली घालून मोबाईल बघत बसला. त्याच्या त्या खाली घातलेल्या मानेचा मला जेवढा राग आला तेवढा आबांच्या बोलण्याचाही आला नाही.

मी सरांकडे धावत गेले. ते स्टाफरूममध्ये भडंग खात बसले होते. मी रडत रडत सगळं सांगितलं आणि म्हणाले, "सर, तुम्ही आमच्या घरी चला. आबांना सांगा. तुमचं ऐकतील."

सरांनी भडंगाचा पुडा बाजूला ठेवला. "तिचं नाव काय?"

"कुणाचं?"

"तुझ्या बदल्यात येणारीचं."

मला माहीत नव्हतं. घरात आठवडाभर तिच्याविषयी बोलणं चाललं होतं, पण सगळे ‘वडगावची’ असंच म्हणायचे. सर भडकले. "साट्यालोट्यात चार माणसांची लग्नं लागत्यात. तू मला तिघांचंच सांगालीस."

"सर, माझा जीव चाललाय आणि तुम्ही तिचं नाव विचारताय!"

"तुझ्या आबांना भेटायला मी आलो तर काय हुईल? मला च्या पाजतील, शाल घालतील आणि पुढच्या आठवड्यात तुझं लगीन उरकतील. मी बघणारा माणूस हाय, सोडवणारा न्हाय. तुला सुटायचं असंल तर तिला गाठ. एकट्या पोरीनं न्हाय म्हटलं तर पोरीचं डोकं फिरलंय म्हणत्यात. दोघींनी एकाच दिवशी म्हटलं तर यवहारच मोडतो. म्हणून तर तुमा दोघींना मांडवापातूर एकमेकीचं तोंड दिसू देत न्हाईत."

मी दार आपटून बाहेर पडले. मी पाण्यात गटांगळ्या खात होते आणि हे काठावरून मला नदी कशी वाहते ते सांगत होते. त्या दिवशी मला त्यांच्या बुटांची, आवाजाची, विषयाची, सगळ्याची शिसारी आली. तरी दुसरं कोणी नव्हतं, म्हणून मी त्यांनी सांगितलं तेच केलं.

बाजाराच्या दिवशी मी एसटीनं वडगावला गेले. ती शिवणाच्या क्लासला जायची एवढं मध्यस्थाच्या बोलण्यातून कळलं होतं. क्लासच्या दारात उभी राहून मी पोरींना विचारत सुटले आणि ती सापडली. लहानखुरी, हाताला मशीनच्या तेलाचे डाग, बोलायला फटकळ. रसाच्या गुऱ्हाळात बाकावर बसल्या बसल्या तिनं विचारलं, "तू माझी नणंद का भावजय गं?"

"दोन्ही," मी म्हणाले.

आम्ही दोघी इतक्या हसलो की रसवाला बघायला लागला. मग ती म्हणाली, "तुझा भाऊ कसा हाय?"

"चांगला हाय. तुझा?"

"चांगलाच हाय की. समद्यांचे भाऊ चांगलेच असत्यात."

तिचं नाव तेव्हा मला कळलं. ते मी इथं लिहीत नाही, कारण ती जिथं आहे तिथं हे वाचलं गेलं तर मार मला बसणार नाही. सुपारी फोडायला तिच्याकडची मंडळी आमच्या घरी यायची होती. त्याच सकाळी दोघींनी आपापल्या घरात नाही म्हणायचं ठरलं. सरांचं वाक्य मी तिला जसंच्या तसं सांगितलं. तिनं विचारलं, "सर येणार हायत काय?" मी म्हणाले, नाही. ती म्हणाली, "बरं."

तिनं शब्द पाळला. मीही पाळला. आमच्या घरी आईनं डोकं बडवून घेतलं, आबा आठवडाभर जेवले नाहीत, दादा आजतागायत माझ्याशी धड बोलत नाही. पण माझ्या अंगाला कोणी हात लावला नाही. तिला तिच्या चांगल्या भावानं हेल्मेटनं मारलं. वडगावची मंडळी उशिरा आली, बायकांशिवाय आली आणि शिव्या घालून गेली. सुपारी फुटलीच नाही. सरांनी म्हटलं होतं तसाच व्यवहार मोडला.

मी सुटले. बीए झाले, एमए झाले, आता ज्युनियर कॉलेजात हाच विषय शिकवते. सरांमुळे वाचलीस, असं लोक मला सांगतात. ती सुटली नाही. काही महिन्यांनी मलकापूरकडच्या एका घराशी तेच साटंलोटं पुन्हा जुळवलं गेलं. या वेळी तिच्या घरच्यांनी शहाणपण केलं. तिचा क्लास बंद केला, मोबाईल काढून घेतला आणि तिकडच्या मुलीचं गावसुद्धा तिला सांगितलं नाही. तिच्या भावाला बायको मिळाली. हे मला पुढं तिच्याच फोनवरून कळलं. सासू बाहेर गेली की ती अजूनही फोन करते, पाच मिनिटं बोलते, ठेवते.

मी हे सगळं सरांना सांगितलं होतं. ते "हं" म्हणाले होते. एवढंच.

मग गेल्या वर्षी एक चर्चासत्र झालं. विषय होता ग्रामीण तरुणांचे विवाह, एक सामाजिक समस्या. सर निवृत्त झालेले, पण प्रमुख वक्ते म्हणून त्यांना बोलावलं होतं. आता वय झाल्यामुळे संस्थांना त्यांची भीती वाटत नाही. आधीच्या तिघा वक्त्यांनी मुलींच्या वाढलेल्या अपेक्षा उगाळल्या. सर उठले आणि त्यांनी आमची गोष्ट सांगितली. नावं घेतली नाहीत. दोन मुली कशा भेटल्या, कसा एकाच दिवशी नकार दिला, व्यवहार कसा मोडला. सभागृह भारावून गेलं. टाळ्या थांबेनात. माझ्या शेजारी बसलेल्या बाई डोळे पुसत होत्या.

मी उभी राहिले. म्हणाले, "सर, दुसरीचं काय झालं ते सांगा."

सर म्हणाले, "तो ह्या मांडणीचा भाग न्हाय."

"तुम्हाला माहीत आहे. मी सांगितलंय. तिला मलकापूरला दिलं. तेच साटंलोटं. तुमच्या मांडणीतून ती कापून टाकली म्हणून तुम्हाला टाळ्या मिळाल्या." अध्यक्ष घंटी वाजवायला लागले. मी म्हणाले, "ती काय म्हणते ऐका. ती म्हणते, सरांनी तुला शिकीवलं, तू मला शिकीवलंस, मार मी खाल्ला. तुझं सर एकदा आमच्या दारात आलं असतं तर काय बिघाडलं असतं?"

अध्यक्षांनी चहाची सुट्टी जाहीर केली. सर व्यासपीठावर खुर्चीत बसून राहिले. मला त्यात समाधान वाटलं असतं तर बरं झालं असतं. वाटलं नाही. नुसती चीड आली, की एवढ्याशा प्रश्नाला या माणसाकडे उत्तर नाही आणि आम्ही सगळे याच्याकडून शिकलो.

त्यानंतरच्या रविवारी सकाळी सर माझ्या दारात. "गाडी काढ. मलकापूरला जाऊया."

"कशाला? बघायला?"

"चल म्हटलं की."

स्कूटरवर ते मागं बसले. बांबवड्याला चहाला थांबलो तेव्हा मी विचारलं, "तिथं जाऊन काय करणार आहात?" ते म्हणाले, "म्हाईत न्हाय." आयुष्यभर दुसऱ्यांना प्रश्न विचारून हैराण करणाऱ्या माणसानं असं म्हणावं याचा मला पुन्हा राग आला. पण गाडी मी वळवली नाही.

गावाच्या टोकाला तिचं घर होतं. अंगणात तिची सासू भुईमुगाच्या शेंगा तोडत बसली होती. तिनं डोळ्यांवर हात धरून विचारलं, "कोण पावणं?" मी शिवणाच्या क्लासची मैत्रीण असं काहीतरी सांगणार होते. वाटेत तेच ठरवलं होतं. पण माझ्या आधी सर बोलले, त्या त्यांच्या मोठ्या आवाजात. "मी तुमच्या सुनंच्या माहेरचा."

आतून ती पिठाचे हात घेऊन बाहेर आली. बारीक झाली होती. तिनं मला ओळखलं, सरांकडं बघितलं, आणि हे कोण ते तिच्या लक्षात आलं. मला वाटलं ती सांभाळून घेईल, सासूसमोर काही बोलणार नाही. तिनं सासूकडं बघितलंसुद्धा नाही.

"माहेरच्यांनीच दिलंय मला हितं," ती म्हणाली. "तुम्ही दुसरं कुणीतरी व्हा."

सासूचे हात थांबले. सर अंगणात उभेच होते. मग ते हळू आवाजात म्हणाले, "कोण हुऊ? सांग."

"ते बी मीच सांगायचं व्हय?"